एका प्रतीच्या खळबाई

खळबाई पुस्तक करायच्या ते एकच. एक प्रत, बस्स. माझा वणीत छापखाना. लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, निवडणुकीची पत्रकं, जे काही छापायचं ते हजारानं. अशा माणसाच्या टेबलावर चार-चार महिने खपून केलेलं एकुलतं एक पुस्तक ठेवून ही बाई विचारणार, "कसं झालं, भाऊ?" माझं टाळकंच सरकायचं. एकदा मी फटकन म्हणालो, "बाई, एका प्रतीला कोणी पुस्तक म्हणत नाही." त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "काहून? तुमची माय किती प्रती होती?"

शाळेत ड्रॉइंग शिकवून त्या रिटायर झालेल्या. नवरा राजूरच्या कोळसा खाणीत होता, तो कधीचाच गेला. मूलबाळ नाही. माझ्याकडे कागद कापायचं मशीन आहे हे कळल्यावर एक दिवस आल्या आणि मागच्या खोलीतलं टेबल त्यांनी पटकावलं ते कायमचंच. मी नाही म्हणालो नाही. खरं सांगायचं तर त्यांनी विचारलंच नव्हतं.

बाइंडिंगला तयार गोंद त्यांना चालायचा नाही. गंजात, म्हणजे उभ्या पातेल्यात, मैदा कालवून, शेगडीवर हलवत हलवत त्या खळ शिजवायच्या आणि शेवटी चिमूटभर निळा, विषारी मोरचूद टाकायच्या. साऱ्या छापखान्यात तो वास. त्यावरूनच त्यांना खळबाई म्हणायला लागले, आणि त्यांना ते नाव आवडायचंही. "मोरचूद नाही टाकला तर झुरळं पुस्तक खातात, भाऊ. बायकांचं म्हटलं का तसंही कोणी ना कोणी खातेच." आणि मग न चुकता, "हे इख आहे. जेवायच्या आधी हात धुजा." मी खळीला बोटही लावत नसे, तरी रोज ही सूचना.

त्यांचं 'धुणं' नावाचं पुस्तक मी पाहिलं तेव्हा मला वाटलं, बाईंचं डोकं फिरलं. राजूरला एका ओळखीच्या बाईच्या अंगणात त्यांनी दोरीवर रोज एक पांढरं फडकं वाळत घातलं. कोळशाची धूळ बसली की ते काढायचं, दुसऱ्या दिवशी नवं. अशी महिनाभराची फडकी शिवून पुस्तक केलं. यवतमाळला प्रदर्शनात ते ठेवलं, तेव्हा मीच त्यांच्याबरोबर एसटीनं गेलो होतो. एक सुटाबुटातले गृहस्थ पानं उलटून म्हणाले, "पण यात अक्षर कुठे आहे?"

"तुमच्या घरी कपडे कोण धुते जी?"

"बायको."

"मंग तिले घेऊन या. ती बराबर वाचते."

गृहस्थ तिथून जे सटकले ते परत दिसले नाहीत. मी मात्र पोट धरून हसलो. दुसऱ्याची जिरते तेव्हा हसायला काय जातं!

माझी जिरली ती पुढच्या पुस्तकात. बाईंनी घरोघरची भांडी पाहायला सुरुवात केली. आपल्याकडे आहेरात दिलेल्या स्टीलच्या भांड्यांवर टिंबाटिंबांनी नाव टाकून आणतात ना, त्या नावांचे ठसे त्या घ्यायच्या. भांड्यावर पातळ कागद धरायचा आणि कोळशाच्या भुकटीची पुरचुंडी वरून फिरवायची. कागद काळा होतो, नाव तेवढं पांढरं उमटतं. ठशांची थप्पी माझ्यापुढे टाकून म्हणाल्या, "पाहा. सैपाकघर बाईचं म्हणते, अन् भांड्याभांड्यावर बाप्याचं नाव." खरंच, बाप, मामा, भाऊ, नवरा, सगळे होते. डाव्या पानावर हा ठसा, आणि उजव्या पानावर त्या घरच्या बाईनं स्वतःच्या हातानं आपलं जन्माचं नाव लिहायचं, लग्नात ताटातल्या तांदळावर नवं नाव गिरवलं तेव्हा पुसलं गेलेलं.

"वहिनीचं काय होतं, भाऊ?"

मला आठवेचना! मी सुरेश म्हणून आत्यानं तिचं सुरेखा ठरवलं आणि तांदळात अंगठीनं ते गिरवलं मीच. माहेरी तिला सगळे बेबी म्हणतात. पण पत्रिका? आमच्या लग्नाची पत्रिका आमच्याच छापखान्यात निघाली होती, आणि तिच्या नावाचे खिळे मी स्वतः, या हातांनी, जुळवले होते. तेव्हा किती लाजत होतो! पस्तीस वर्षांत ते नाव कुठे सांडलं कोण जाणे. "विचारून सांगतो," असं म्हणालो आणि शरमेनं मेल्याहून मेलो. घरी मात्र विचारलं नाही. कोणत्या तोंडानं विचारणार?

पुढच्या रविवारी बाईच घरी जेवायला आल्या. जेवण झाल्यावर आमच्या मांडणीपाशी बसून एकेक भांडं तपासू लागल्या. सुरेखा भांडी काढून देत होती, मी उगाच पेपर वाचत होतो. बाईंनी माझ्या पुढ्यातला पेला उचलला, त्यातलं उरलेलं पाणी मोरीत ओतलं, पेला पुसला आणि कागद धरला. घासून झाल्यावर कागद माझ्या पेपरावर ठेवला. काळ्यात पांढरी अक्षरं: कु. चंद्रकला, खो-खो, पहिली.

"सातवीत होती मी," सुरेखा म्हणाली. "शाळेतून पेला भेटला. बाबानं मुद्दाम दुकानात नेऊन नाव टाकून आणलं. आहेरात तेवढं एकच भांडं माह्या नावाचं होतं."

पस्तीस वर्षं मी त्याच पेल्यानं पाणी पीत होतो. जगाची प्रुफं तपासणारा मी!

बाईंनी उजवं पान सुरेखापुढे सरकवलं. तिनं त्यावर नाव लिहिलं, सावकाश, शाळेत लिहितात तसं. बाई गेल्यावर मी मोठा आव आणून हाक मारली, "चंद्रकला, चहा ठेवतेस का?" ती हसली नाही. "राहू द्या. तुमच्या तोंडी अजून बसलं नाही ते. ठसा पाहून वाचून राह्यले तुम्ही." एवढं म्हणून चहा ठेवला. त्यानंतर त्या नावानं हाक मारायची माझी हिंमत झाली नाही. पण बाईंचं आणि तिचं मेतकूट जमलं ते जमलंच. पुस्तक पुरं झालं तेव्हा बाईंनी ते आमच्याच घरी ठेवलं. "छापखान्यात नको. तिथं बाप्याच जास्त."

गेल्या हिवाळ्यात बाई गेल्या. दोन दिवस ताप आणि संपलं. त्यांचा पुतण्या तेरवीच्या कार्डाचा मजकूर घेऊन आला: कै. श्रीमती प्रमिला, पुढे नवऱ्याचं नाव, आडनाव. मी कॉम्प्युटरवर टाइप करायला बसलो आणि बोटं थांबली. "काकूचं माहेरचं नाव काय रे?"

"काय माहीत? आम्ही काकूच म्हणत होतो."

मी घरी धावलो. पुस्तक काढलं, पानन्‌पान पाहिलं. साऱ्या वणीच्या बायका त्यात होत्या, फक्त बाई नव्हत्या. इतकी वर्षं ती बाई माझ्या टेबलाशी बसली, रोज मला हात धुवायला सांगत राहिली, आणि मी गाढवानं उलटून एकदाही विचारलं नाही. एकदा शरमून झालं, तरी नाही! मी तिथंच बसून रडलो.

सुरेखा माझ्या मागे येऊन उभी राहिली. "रुखमा," ती म्हणाली. "मी विचारलं होतं."

कार्डावर मी दोन्ही नावं टाकली, एकाच आकारात. पुतण्या चुळबुळला, पण शेवटी हो म्हणाला. छापून झाल्यावर एक कार्ड आणि बाईंची मोरचुदाची डबी मी घरी आणली. पुस्तकाचं शेवटचं पान कोरं होतं, तिथं ते कार्ड चिकटवायचं होतं. गोंदानं नाही. गंजात मैदा घेतला आणि जन्मात पहिल्यांदा खळ शिजवायला लागलो.

"गुठळ्या करून राह्यले तुम्ही," मागून आवाज आला.

"गुठळ्या होऊ दे. चंद्रकला, ती मोरचुदाची डबी दे."

तिनं फळीवरची डबी काढून माझ्या हातात दिली.

"जेवायच्या आधी हात धुजा," म्हणाली.