भित्रे चाचा आणि दर्ग्याची पाच एकर

भित्री माणसं मी पुष्कळ पाहिली आहेत, आणि मी स्वतः पालीला घाबरून स्वयंपाकघर सोडून पळणारी बाई आहे. पण आमच्या शेजारच्या शेतातल्या चाचांइतकं नेमानं, मन लावून आणि बारा महिने भिणारं माणूस देगलूरपासून नांदेडपर्यंत दुसरं सापडायचं नाही. आता तुम्ही म्हणाल सापाला भीत असतील. छे! भर पावसाळ्यात तुरीतून अनवाणी चालतात, विंचू दिसला तर नांगी चिमटीत धरून शेताच्या बांधापलीकडे, धुऱ्यापार फेकतात. चाचा भितात ते कागदाला, मोजायच्या टेपला आणि बोट ठेवायच्या यंत्राला. रेशनच्या दुकानात यंत्र पुढं आलं की हात पाठीमागं लपवून विचारतात, "ह्यानं जमीन तर जात न्हाई ना, शेट?" दुकानदार बिचारा दर महिन्याला शपथ घेतो, तेव्हा कुठं गहू मिळतात. भाच्याच्या लग्नात शिंप्यानं कुर्त्याचं माप घ्यायला गळ्यातला टेप काढला, तर चाचा भिंतीला जाऊन टेकले. "माप नको बाबा. अंदाजानं शिव." त्यानं शिवला. त्या कुर्त्यात आणखी एक चाचा सहज मावले असते. आख्ख्या लग्नात ते बाह्या सावरत फिरत होते.

हसायला येतं खरं, पण ह्या भिण्याला कारण आहे. आमच्या शेताला लागून एक लहानसा दर्गा आहे आणि त्या दर्ग्याची पाच एकर जमीन. निजामाच्या काळात ती चाचांच्या वाडवडलांच्या हाती सेवेसाठी दिलेली. दर्ग्याची झाडलोट करायची, रोज दिवस मावळताना दिवा लावायचा आणि जमिनीत पिकेल ते खायचं. खायचं, विकायचं नाही. जमीन दर्ग्याची, आपण नुसते सेवेकरी, हे चाचांच्या घरात लेकरालाही ठाऊक. पण रस्ता रुंद झाला, जमिनीला भाव आला, आणि नांदेडात राहणाऱ्या त्यांच्या चुलतभावानं ती घराण्याची खाजगी आहे म्हणून एका प्लॉटिंगवाल्याला विकून टाकली. झालं, कोर्टकचेरी सुरू. प्लॉटिंगवाल्याचं म्हणणं, कसला दर्गा न्‌ कसलं काय, तो नुसता पडका चौथरा आहे, तिथं वर्षानुवर्षं कुणी दिवासुद्धा लावत नाही. ते ऐकलं त्या दिवसापासून चाचांच्या मनानं घेतलं की एक संध्याकाळ जरी दिवा चुकला तर पाचही एकर गेली.

मग काय विचारता! मुलगी भोकरला दिलेली. तिच्या पहिल्या मुलाच्या अकिक्याची, म्हणजे जावळ काढायची, मोठी दावत होती. चाचा सकाळी गेले, नातवाला मांडीवर घेतलं, आणि बिर्याणीची डेग उघडायच्या आत मिळेल ती जीप धरून परत. दिवस मावळायला हे दर्ग्यात हजर, उपाशी. पोरगी अशी रुसली की फोनच उचलेना. मी रागावले, तर म्हणाले, "तुमीच सांगा बाई. नातवाला घ्यायला धा जन हायती. दिवा माज्या एकट्याच्या गळ्यात हाय." मी शाळेत पोरांना हिशोब शिकवते, पण असला हिशोब चाचांनीच शिकवावा.

अशात कोर्टानं नेमलेले एक साहेब जागेची पाहणी करायला येणार असं कळलं. चाचांच्या तर तोंडचं पाणीच पळालं. जेवण सुटलं. वाटेनं पांढरी गाडी गेली तरी तुरीत शिरून बसायचे. "साहेब काय इचारतील बाई? माजी तर बोबडी वळंल." मी धीर द्यायची, पण खरं सांगते, पांढरी गाडी दिसली की मीही थबकायची. पाहणीच्या दिवशी शाळा सुटल्याबरोबर मी तडक दर्ग्याकडं गेले. पाहते तर काय, दर्गा लख्ख पांढरा! चाचांनी हाताला फोड येईस्तोवर घासून, वर चुन्याचे हात मारलेले. दिव्याचा कोनाडा तर आरशासारखा. "साहेबाला घान दिसाया नको म्हनून," चाचा भीत भीत हसले.

माझ्या पायाखालची जमीन सरकली. त्या कोनाड्यात पिढ्यान्‌पिढ्यांच्या दिव्यांची काजळी बसलेली होती. बोट लावलं की बोट काळं व्हायचं. इथं रोज दिवा लागतो हे त्या भिंतीनं स्वतः सांगितलं असतं, आणि ह्या भल्या माणसानं भिऊन भिऊन तीच काजळी खरवडून काढली होती! "अहो चाचा, हे काय करून बसलात!" मी ओरडले. काजळीचं सांगितलं तशी त्यांच्या तोंडावरची रया गेली आणि ते मटकन खाली बसले. तेवढ्यात गाड्या आल्या. प्लॉटिंगवाल्याच्या वकिलानं कोनाड्यात बोट फिरवलं आणि साहेबांना दाखवलं. "बघा साहेब, चुना अजून ओला आहे. कालचा देखावा आहे हा सगळा." साहेबांनी चाचांना विचारलं, दिवा कधीपासून लावता? चाचांचे ओठ हलले, पण आवाज फुटेना. चाचांच्या बाजूचे वकील खुणा करून दमले. साहेबांनी पुन्हा विचारलं, पुन्हा तेच.

आणि दिवस मावळला. चाचा उठले. तेलाची बाटली घेतली, वात वळली आणि थेट साहेबांसमोर जाऊन म्हणाले, "सरका जरा, साहेब. बत्तीचा टाईम झाला." प्लॉटिंगवाल्याचा वकील काहीतरी ओरडला, नाटक का काय म्हणाला. चाचांना ते ऐकूही गेलं नसावं. साहेब निमूट बाजूला झाले. दिवा लागला. साहेबांनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि ते गाडीत बसून गेले. काय लिहिलं ते आम्हाला आजवर कळलेलं नाही. तारखा पडताहेत.

चाचा आता थकलेत. मागच्या थंडीत तापानं पार खचले, तेव्हापासून धुऱ्यावरून यायलासुद्धा काठी लागते. मुलं हैदराबादला कामाला, ती काही यायची नाहीत. परवा दिवा लावून माझ्याजवळ येऊन बसले आणि म्हणाले, "बाई, मी गेल्यावर लोकं म्हनतील, बगा, दिवा बंद झाला. मंग खरंच जाईल ना हो जमीन?" एरवी मी थट्टा केली असती. आता संध्याकाळ झाली की मी गच्चीवर जाते आणि त्या बाजूला बघत उभी राहते. उजेड दिसेपर्यंत जिवाला थारा नसतो. अजून तरी दिसतो.