सरकारांची खुर्ची

राजाच्या शिकारीसाठी जांबोटीच्या जंगलातली आमची वाडी उठवली. तसा हुकूम कधी निघालाच नाही, असं त्याचे वारस आजही छाती ठोकून सांगतात. हुकूम लिहिणारा चिटणीस मात्र निपाणीत भाड्याच्या खोलीत जिवंत होता. आठवणी लिहायला घेतल्या म्हणून याच वारसांनी त्याला हाकलून दिलं होतं. जमीन परत मागायला आम्हाला त्याची साक्ष हवी होती.

म्हातारा उभ्यानेच लिहायचा. समोर रिकामी खुर्ची. एक वाक्य झालं की तिच्याकडे बघायचा, मान खाली घालायचा आणि तेच वाक्य खोडायचा.

"खुर्चीत तेवढं बसू नगा," घरमालकीण आक्का दारातूनच म्हणाल्या. "आम्ही झाडायलाबी सरकवत न्हाय."

"आप्पा, राजा कवाच मेला! वाडीचं लिहा की!" मी ओरडलो.

"सरकारांची परवानगी नाही," तो पुटपुटला.

माझं डोकं फिरलं. मेलेल्यालाही मुजरा? मी सरळ त्या खुर्चीत बसलो. बैठक कोमट होती.

म्हातारा कमरेत वाकला. "आज्ञा, सरकार." आवाज एकदम तरुण.

"वाडी उठवायला कुणी सांगितलं?"

"आपणच." तो माझ्या पायांकडे बघत होता. "घरं पेटवा म्हणालात. मी नको म्हणालो होतो. लिहू?"

"लिहा," मी म्हणालो. तो आवाज माझा नव्हता.

त्याने लिहिलं, आणि खोडलं नाही. साक्ष आमच्याकडे आहे. वाडीच्या सभेत लोक माझ्यासाठी खुर्ची पुढे करतात. मी उभाच राहतो.