जोशीकाकूंच्या नानकटाया

चौऱ्याऐंशी साली मी डोंबिवली सोडली तेव्हा मला पोचवायला अख्खी बिल्डिंग खाली उतरलेली. आई रडत रडत माझ्या बॅगेत मेतकूट कोंबत होती. वरच्या मजल्यावरच्या जोशीकाकू टॅक्सीवाल्याला कुठून वळायचं ते शिकवत होत्या. आणि जन्मात सुपारीचं खांडही तोंडात न टाकलेले माझे बाबा टॅक्सीच्या खिडकीत डोकं घालून म्हणाले, "सगळं खा. प्यायचं मात्र पाणीच." कॅनडाला लायब्ररीचा कोर्स करायला निघालेल्या मुलीला बापाचा उपदेश एवढाच.

मी सगळं खाल्लं. वर तिथल्याच ग्रेगशी लग्नही केलं. ट्रंककॉलवर बाबांना सांगितलं तर म्हणाले, "बरं. सुखी राहा. तुझ्या हातचं मात्र मी आता खाणार नाही." फोन आईकडे. आता मी हॅलिफॅक्सला, ते डोंबिवलीत. तसंही कोण कुणाच्या हातचं खाणार होतं! पण लागलं हो. फार लागलं. तुमच्यापैकी जे माझ्यासारखे लांब जाऊन बसलेत त्यांना कळेल, आणि जे मागे राहिले त्यांनी निदान हसू नका.

एक्याण्णवच्या दिवाळीला मी घरी आले. एकटीच, ग्रेगला रजा नव्हती. बाबा छान बोलले. थंडी किती पडते, बर्फ कोण उचलतं, सगळं विचारलं. पण मी चहा केला की त्यांचा "आत्ताच झाला" असायचा, आणि मी पोहे केले की त्यांना पित्त व्हायचं. आईने बशी पुढे केली तरी चौकशी, "फोडणी कोणी घातली?" आई म्हणाली, "मीच." तर म्हणे, "आणि ढवळले कोणी?" अरे, काय माणूस आहे की कोर्ट!

मग मीही पेटले. मी त्यांचीच मुलगी, हट्टात मागे कशी राहीन? म्हटलं, नाहीतरी खाणार नाहीत, तर निदान माझ्या पद्धतीचं काहीतरी करून ठेवते. सासूबाईंनी शिकवलेल्या कुकीज मला झकास जमायच्या. मनुका, जर्दाळू, खजूर आणि अक्रोड संत्र्याच्या लिक्युअरमध्ये, म्हणजे गोड दारूत, रात्रभर भिजवायचे, मग लोण्यात मळलेल्या पिठात घालायचे. बाहेरून कडक, आत चिवट, चावताना दाताला जरा काम पडतं. बाटली मी येतानाच घेऊन आलेले. आईच्या लोणच्याच्या बरणीत सुकामेवा भिजत घातला.

सकाळी आईने बरणीत नाक घातलं. "खोकल्याचं औषध सांडलंस का गं?" मी खरं ते सांगितलं. तिने आधी देवघराकडे पाहिलं, मग बरणीकडे. "भट्टीत उडून जाते ना?"

"बरीचशी."

"मग अंडं नको घालूस. एका वेळी एकच पाप."

अंड्याऐवजी दही घातलं, आणि ब्राऊन शुगर कुठली मिळायला, तिच्या जागी गूळ. आमच्याकडे ओव्हन नव्हता, कुणाकडेच नव्हता. दिवाळीत सगळ्या बायका पीठ डब्यात भरून ठाकुर्लीच्या रस्त्यावरच्या बेकरीत न्यायच्या. तिथे बसून पत्र्यावर नानकटाया थापायच्या आणि संध्याकाळी भाजलेला डबा घरी आणायच्या. कोणाच्या कुठल्या ते कळावं म्हणून प्रत्येक घराची एक खूण. कुणाची चारोळी, कुणाचा पिस्ता, आमचा अर्धा काजू. फक्त जोशीकाकू खूण लावायच्या नाहीत. "माझी नानकटाई तोंडावरून ओळखू येते," असं त्या बेकरीवाल्याला दर वर्षी ऐकवायच्या.

मी नेमाने प्रत्येक कुकीवर अर्धा काजू दाबला. पण या बया भट्टीत पसरल्या ना! काजू गेला पार बुडून. बेकरीवाल्याने पाहिलं, खूण नाही. म्हणजे जोशीकाकू! त्याने माझा सगळा माल त्यांच्या डब्यात भरला आणि आमचा डबा उरला म्हणून त्यांच्या गुबगुबीत नानकटाया त्यात.

घरी डबा उघडला आणि मी कपाळावर हात मारला. आईला घेऊन तशीच वर पळाले. दार उघडंच होतं. जोशीकाकू फराळाचं ताट घेऊन उभ्या. आपल्या नानकटाया अशा बसल्या कशा हे त्यांनाही कळलेलं नव्हतं, पण मान्य करतील तर त्या जोशीकाकू कसल्या! "यंदा मुद्दाम नवीन पद्धतीने केल्यात," असं सगळ्यांना सांगणं चालू. आणि समोर आरामखुर्चीत माझे बाबा. हातात माझी कुकी, मांडीवरच्या बशीत आणखी दोन.

मी तोंड उघडलं तेवढ्यात आईने सणसणीत चिमटा काढला.

"ये, ये," बाबा म्हणाले. उठून त्यांनी बशीतली एक माझ्या हातावर ठेवली. "खाऊन बघ. याला म्हणतात हात! शिकून घे जरा काकूंकडून."

मी खाल्ली. माझ्याच हातची, बाबांच्या हातून. हसू येत होतं आणि डोळे गळत होते. जोशीकाकू म्हणाल्या, "तिखट चिवडा खाल्लास वाटतं," आणि पाणी आणायला गेल्या.

परत निघाले तेव्हा बाबा खाली टॅक्सीपर्यंत आले आणि एक रिकामा डबा खिडकीतून माझ्या मांडीवर ठेवला. "काकूंना सांग, पुढच्या खेपेला जास्त करा."

"मी कॅनडाला चाललेय, बाबा. काकू वर उभ्या आहेत."

"तुला सांगितलं तेवढं कर," ते म्हणाले आणि टॅक्सीवाल्याकडे वळले.

नंतर आईने फोनवर सांगितलं, "अगं, ओट्याखालची तुझी ती बाटली. ह्यांनीच वास घेऊन बघितली आणि कामवाल्या बाईच्या नजरेला पडू नये म्हणून तांदळाच्या डब्यामागे लपवलीन. जोशींकडे पहिल्या घासालाच ओळखलंन." म्हणजे कोर्टाला सगळं ठाऊक होतं! निकाल तेवढा फिरवायचा नव्हता.

तेव्हापासून डोंबिवलीला जाणाऱ्या कुणाच्याही हाती मी डबा देते. आमच्या घरात त्यांना कुकीज कोणी म्हणत नाही. माझी मुलगी शाळेत ऐटीत सांगते की आज डब्यात "जोशीकाकू" आहेत, आणि ग्रेगच्या आईनेही आता हेच नाव उचललंय. माझं घर कुठलं असं कुणी विचारलं की मी हल्ली गोंधळत नाही. डबा भरते ते एक आणि डबा उघडतो ते दुसरं.

गेल्या महिन्यात लिक्युअर संपत आलं होतं, मी थोडक्यात भागवलं. आठवड्याने बाबांचा फोन.

"डबा पोचला," ते म्हणाले. मग आवाज बारीक करून, "पण काय गं, या खेपेला जोशीकाकूंनी हात आखडता घेतलाय का?"