मॉरिशस, मुक्काम भुईगाव

सिरियलच्या सेटवर कामापेक्षा वाट बघणंच जास्त असतं. लाइटची वाट, नटाची वाट, ढग सरकायची वाट. आणि इतकी माणसं एका अंगणात नुसती बसून राहिली की किस्से होणारच! माझ्याकडे ते एवढे साठलेत की मैत्रिणी भेटल्यावर आता "कशी आहेस?" विचारतच नाहीत. "भाऊ काय म्हणाले?" एवढंच विचारतात.

भाऊ म्हणजे आमचे डायरेक्टर, आमच्या वसईतलेच. तरुणपणी त्यांनी नाटकात पडदे ओढले, मग दोन सिनेमे केले. एक पडला, दुसरा डब्यातून बाहेरच आला नाही. नव्वदच्या दशकात चॅनेलं वाढली आणि भाऊंना सिरियल मिळाली. कजाग सासू, सोशिक सून आणि शूटिंगला वसईच्या किनाऱ्यावरच्या भुईगावातला एक बंगला. बी.ए.चा निकाल लागला तशी मी त्यांची असिस्टंट झाले. मला डायरेक्टर व्हायचं होतं. निदान एक तरी सीन माझ्या मनासारखा घ्यायचा होता.

मी रोज विचारायचे. भाऊ रोज म्हणायचे, "थांब जरा. तुझ्या वयाचा असताना मी पडदे ओढत होतो."

"भाऊ, इथे पडदेच नाहीत!"

"खिडकीला आहेत ना? ऊन येतंय बघ. ओढ."

*

सिरियलमधल्या सुनेचा हनिमून मॉरिशसला ठरला. बजेट भुईगावपर्यंतचंच होतं. भाऊ म्हणाले, "समुद्र सगळीकडे सारखाच असतो."

किनाऱ्यावर सुरूच्या झाडांखाली कॅमेरा लागला. नवऱ्याच्या अंगात फुलाफुलांचा शर्ट, सुनेच्या डोक्यावर हॅट. सकाळी लाटा पायाशी होत्या. पण नायक वाक्य विसरत गेला आणि तेवढ्यात ओहोटी लागली. आमच्याकडचा समुद्र एकदा मागे सरायला लागला की थांबत नाही! दुपारपर्यंत समोर नुसता चिखल आणि लांबवर एक चकचकीत रेघ.

सुनेचं वाक्य होतं, "अय्या, समुद्र किती जवळ आलाय!"

मी म्हटलं, "भाऊ, वाक्य बदला. समुद्र गेलाय."

भाऊंनी कपाळावर हात धरून लांबवर बघितलं आणि शांतपणे म्हणाले, "नवीन लग्न झालंय तिचं. तिला सगळं जवळच वाटणार. टेक!"

*

बंगला मॅगीमावशींचा. मी पहिल्या दिवशी "आंटी" म्हटलं तर फिस्कारल्या, "आंटी काय? मावशी बोल!" त्यांच्या अंगणात एका बाजूला दगडी क्रूस होता. तो फ्रेमबाहेर ठेवून आम्ही मधोमध थर्माकोलचं तुळशी वृंदावन उभं केलं. त्यात प्लास्टिकची तुळस खोचली. ती बघून मावशींना राहवेना.

"प्लास्टिक कशाला? माझ्या परसात हाय ना खरी, खोकल्याला लावलेली!"

त्यांनी कुंडीतली तुळस स्वतः आणून वृंदावनात बसवली. भाऊ खूश. दुसऱ्या दिवशी सून पांढरी साडी नेसून प्रदक्षिणेला आली, तर वृंदावनाचा सगळा गेरूचा रंग ओघळून खाली आलेला. तिसऱ्या फेरीला साडीचा काठ लाल!

भाऊ कडाडले, "पाणी कोणी घातलं?"

"मी," मावशी खिडकीतून म्हणाल्या. "शूटिंग तुझी, झाड माझं!"

*

भाऊंची एक जबरदस्त सोय होती. नटाने तारखा दिल्या नाहीत की त्याचं पात्र मारून टाकायचं. सामानाच्या पेटीत चंदनाचा हार कायम तयार असायचा. कोणी "भाऊ, जरा बोलायचं होतं" म्हणत सुट्टी मागायला आला, की भाऊ नुसते पेटीकडे बघायचे. निम्मे लोक तिथूनच परत जायचे!

सुनेच्या दिराचं काम करणारा एक हट्टी निघाला. तो नाटकाच्या दौऱ्यावर गेलाच. परत आला तर दिवाणखान्यात स्वतःचा फोटो, त्याला हार, पुढे निरांजन.

"भाऊ, मी मेलो?"

"आठवड्यापूर्वीच. घाटात."

"पण मी आलोय ना आता! काहीतरी करा!"

"उशीर झाला रे," भाऊ म्हणाले. "लोक रडून मोकळे झालेत. आता जिवंत झालास तर मारतील तुला!"

*

आता आमचे बाबा. आम्ही राहायचो वसईतच, गोखिवऱ्याला. बाबा मुंबईत हेडक्लार्क. त्यांच्या मते नोकरी म्हणजे जिथे खुर्चीच्या पाठीला टॉवेल टाकता येतो ती. त्यांनी मला सरळ सांगून टाकलं होतं, "दिवाळीपर्यंत डायरेक्टर होऊन दाखव. नाहीतर गुपचूप बँकेची परीक्षा द्यायची."

"बाबा, असं काही तारखेवर होत नाही!"

"बँकेत होतं."

एका रविवारी मला तिथून सोडवून न्यायलाच ते सेटवर आले. पांढरा शर्ट, जाड चष्मा, ओठ घट्ट मिटलेले. भाऊंनी त्यांना खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि ओरडले, "वकील मिळाला!" खरा वकील, म्हणजे वकिलाचं काम करणारा नट, आलाच नव्हता. बाबा "मी हिचे वडील" म्हणेपर्यंत त्यांच्या अंगावर काळा कोट चढला.

एकच वाक्य होतं. "हे मृत्युपत्र खोटं आहे." बाबांनी ते म्हटलं, आणि वर स्वतःचं जोडलं, "आणि हे मी हायकोर्टापर्यंत नेईन!"

युनिटने टाळ्या वाजवल्या. येताना रिक्षात बाबा अगदी गप्प होते. मला वाटलं, सुटले! घराजवळ आल्यावर म्हणाले, "भाऊंना विचार, वकिलाचं पुढे काय होतं. आणि हो, तुझा बँकेचा फॉर्म आणून ठेवलाय."

*

दिवाळी तोंडावर आली आणि मी अजून खिडकीचे पडदेच ओढत होते. सिरियलमध्ये सासऱ्याचा मृत्यू होता. सासरा झालेला नट आलाच नाही. त्याचं पात्र मरणारच होतं, त्यामुळे भाऊंना धमकीही देता येईना! चेहरा लांबूनच दिसायचा होता, पण तेवढी उंची आणि तेवढं पोट युनिटमध्ये एकाकडेच होतं.

"मीच झोपतो," भाऊ म्हणाले. "प्रेताला अभिनय कशाला लागतो? तू फक्त ॲक्शन आणि कट म्हण. बाकी मी बघतो."

"डोळे मिटून?"

भाऊ नाकात कापूस घालून अंगणात आडवे झाले. उशाशी सून, आजूबाजूला नातेवाईक, पायाशी काळ्या कोटातले आमचे बाबा. मी ॲक्शन म्हटलं. सुनेने हंबरडा फोडला. तोच चादरीतून आवाज, "पदर! पदर सावर!" सून दचकली. पुन्हा ॲक्शन. "कॅमेरा पुढे घ्या रे..." सुनेला हसू फुटलं. पुन्हा. "रडताना डावीकडे बघ, डावी..."

"कट!" मी ओरडले. "भाऊ, एक तर डायरेक्शन करा, नाहीतर मरा!"

बाबांनी डोळे मिटून घेतले. भाऊंनी एक डोळा उघडून माझ्याकडे बघितलं.

"बरोबर बोलते पोरगी," खिडकीतून मॅगीमावशी म्हणाल्या.

भाऊंनी डोळा मिटला.

मी कॅमेरा उचलून दारात नेला. सुनेला सांगितलं, अजिबात रडायचं नाही, फक्त सासऱ्यांचा चष्मा पुसायचा, नेहमीसारखा, आणि घालायला जायचं. ॲक्शन. तिने पदराने चष्मा पुसला. भाऊंच्या चेहऱ्यापाशी नेला आणि तिचा हात तिथेच थांबला. मागे कोणीतरी खरंच हुंदका दिला. मोजलं नाही, पण भरपूर वेळाने मी कट म्हटलं.

कॅमेरामन शशी सवयीने वाकून थेट प्रेताच्या कानाशी गेला. "भाऊ, घोटाळा झालाय. तुमच्या डोळ्यातून पाणी आलंय, इतक्या लांबूनही शॉटमध्ये चमकतंय. रिटेक करायचा?"

भाऊंनी डोळे उघडलेसुद्धा नाहीत.

"मी मेलोय," ते म्हणाले. "डायरेक्टरला विचार!"