आई लेकीला मगरींच्या नदीतून परत आणायला निघाल्या तेव्हा

आमच्या घरात मगरीच्या सिनेमांची एकमेव चाहती म्हणजे माझ्या सासूबाई. दुपारची जेवणं आटोपली की विचुंब्याच्या आमच्या फ्लॅटमध्ये हिंदीत डब केलेला एखादा भयपट लागतो. मगरीने होडी उलटवली की आई उशी घट्ट धरतात आणि सिनेमा संपायच्या आत संपदाला फोन लावतात. संपदा माझी नणंद. प्राणिशास्त्र शिकलेली, चिपळूणजवळ वाशिष्ठी नदीतल्या मगरींचा अभ्यास करते. सिनेमात जी बाई सगळ्यात आधी मरते, नेमकी तिचीच नोकरी!

त्या जानेवारीत आईंनी जाहीर केलं, "मेघना, गाडी काढ. पोरीला घेऊन येऊ. कामोठ्याला क्लासमध्ये शिकवेल, पण त्या नदीत नको."

नवरा दौऱ्यावर होता, मला सुट्टी होती आणि खरं सांगायचं तर मगर बघायचीच होती. निघालो.

पळस्पे फाट्यावरून उजाडता उजाडता गोवा हायवेला लागलो. वडखळला गरम वडापाव आणि चहा. त्यापुढे रस्ता रुंद करायचं काम चालू होतं, म्हणजे रस्ता असा नव्हताच. कंबर सांभाळणाऱ्यांनी उशी न्या. कशेडी घाटात आई डोळे मिटून बसल्या, ते थेट खेड आल्यावरच उघडले. चिपळूणला सुरमईची थाळी खाल्ली. सोलकढी अशी, की मी तिसऱ्यांदा वाटी पुढे केली तेव्हा वाढणारा हसायला लागला.

दुपारी संपदाने आम्हाला होडीत बसवलं. तुम्ही जाणार असाल तर थंडीत जा आणि ओहोटीची वेळ आधी विचारून घ्या. पाणी उतरलं की मगरी चिखलावर ऊन खायला येतात. भाडं अख्ख्या होडीचं असतं, त्यामुळे टोळकं जमवलेलं बरं.

पहिली मगर मला ओंडकाच वाटली. मग ओंडक्याने जबडा उघडला.

"बघ, आ वासून बसलीय! आपल्यासाठीच," आई माझ्या दंडात नखं रुतवत म्हणाल्या.

"आई, ती गार होतेय," संपदा म्हणाली. "अंग तापलं की तोंड उघडून बसतात. आणि एकदा पोट भरलं की कितीतरी दिवस काही खात नाहीत. फक्त हात आत घे. तू बोटं पाण्यात बुडवायची नाहीस."

मग तिने सांगितलं की अंड्यातून नर निघणार की मादी, हे घरट्यातल्या उबेवर ठरतं. आईंनी विचार केला. "मग त्यांच्यात मुलगा होऊ दे म्हणून नवस कुणाला बोलत असतील?"

होडीवाल्यासकट सगळे हसलो. तेवढ्यात संपदाचा फोन वाजला. जवळच्याच एका वाडीच्या काठाला जाळ्यात मगर अडकली होती.

आम्ही पोचलो तेव्हा काठावर ही गर्दी. वनखात्याच्या माणसांनी मगरीच्या डोळ्यांवर ओलं गोणपाट टाकलं होतं, जबडा दोरीने बांधला होता. पण जाळ्याचे फास मानेत आणि पायात रुतले होते, आणि जाळ्यावर पाय रोवून त्याची मालकीण उभी होती. सुगंधा तिचं नाव.

"नवं जाळं हाय. कापायचं नाय."

"मावशी, फास आवळत चाललाय, मरेल ती," संपदा कळवळून म्हणाली. "कायद्याने मगरीला संरक्षण आहे."

"आनि माज्या चुलीला?"

मागून कुणीतरी ओरडलं, "मारा की तिला!" दोघातिघांच्या हातात काठ्या होत्या. मगरीने शेपटी आपटली आणि चिखल सगळ्यांच्या तोंडावर उडाला. मी होडीतच मागे सरले. आई मात्र होडीतून उतरल्या, साडी खोचली आणि चिखल तुडवत सुगंधाजवळ गेल्या. शेपटीपासून चार हातांवर.

"बाय, मी उरनची. माजा बाप दर्यावर जायचा," आई म्हणाल्या. इतक्या वर्षांत त्यांना माहेरचं बोलताना मी क्वचितच ऐकलं होतं. "जालं फाटलं का घरात काय होतं, त मना ठाव हाय. तिला कापू दे. तुजं जालं शिवल्याबिगर मी हितून हलनार नाय."

सुगंधाने त्यांच्या चिखलाने माखलेल्या साडीकडे पाहिलं. मग तिने पाय उचलला.

संपदाने एकेक फास कापला. गोणपाट निघालं, दोरी सुटली. मगर क्षणभर तशीच पडून राहिली, मग चिखलावरून सरकत पाण्यात गेली. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. काठ्या खाली आल्या, एवढंच.

आम्ही त्याच संध्याकाळी निघणार होतो, ते राहिलो. सुगंधाच्या ओसरीवर ती आणि आई जाळं घेऊन बसल्या. आईंचा हात आधी अडखळला, मग सुई अशी चालायला लागली की मी बघतच राहिले. रात्री तिथेच कालवण-भात. दुसऱ्या दिवशी पुन्हा शिवण. संपदा जाळ्याचं दुसरं टोक धरून बसली होती.

परतताना माणगावला चहा घेताना मी विचारलं, "आई, संपदाला घरी चल म्हणालात की नाही?"

"राहिलंच," त्या कपात बघत म्हणाल्या. "तिलाही भीती वाटत होती गं कापताना. तरी कापत होती."

फोटो धड एकही आला नाही. गाडीतला चिखल अजून निघतोय. आईंची भीती गेली का? मुळीच नाही. पण हल्ली संध्याकाळी त्या संपदाला फोन करतात तेव्हा पहिला प्रश्न जेवणाचा नसतो. "उद्या ओहोटी किती वाजता?" असं विचारतात आणि दुसऱ्या दिवशी संपदा नदीवर असते तेवढा वेळ देवापाशी बसून राहतात.