बाईंचं घुबड

आमच्या नेकनूरच्या शाळेत इतिहासाला एक बाई होत्या. गावात त्यांचं नाव घुबडबाई. टेबलावर मातीचं घुबड ठेवून शिकवणारी शिक्षिका आमच्या मुलखात दुसरी झाली नाही, आणि या नावाचं त्यांना वाईट वाटण्याऐवजी कौतुकच वाटायचं.

ते घुबड म्हणजे प्राचीन रोमच्या मिनर्व्हादेवीचा पक्षी. बाई रोमला कधी गेल्या नव्हत्या, पण मिनर्व्हा शेजारच्या गल्लीत नांदत असावी अशा बोलायच्या. "ही विद्येची देवी, आणि विणकामाचीही. शिक्षक, विणकर, वैद्य सगळे तिलाच हात जोडायचे. तिच्या सणाला पोरांना सुट्टी!" सुट्टीवर आम्ही खूश. मग बाई विचारायच्या, "पुस्तक आणि माग एकाच देवीकडं कावून दिला असंल?" उत्तर मात्र कधीच सांगायच्या नाहीत. मला याचा भारी राग यायचा.

मी पाचवीत होते. दसऱ्याच्या पाटीपूजनाला बाईंनी प्रत्येकाच्या पाटीवर सरस्वतीखाली दोन गोल डोळे आणि एक चोच काढली. पाटी घरी नेली आणि गहजब झाला. आई ऊसतोडीला निघायच्या तयारीत होती. मलाही नेणार होती, उसाच्या फडाजवळच्या कोपीवर, म्हणजे पाचटाच्या झोपडीत, धाकट्या भावाला सांभाळायला. शाळा सुटणार म्हणून मी दोन दिवस रडत होते. त्यात हे घुबड! आई मला आणि पाटीला घेऊन तडक बाईंच्या घरी गेली.

"बाई, गाडी निघायच्या वक्ताला ह्ये अभद्र कावून काढलंत?"

बाईंनी तिला बसवलं, चहा ठेवला आणि मिनर्व्हाची जन्मकथा सुरू केली. भांडायला आलेल्या माणसाला कथा सांगणं त्यांनाच सुचावं. देवी म्हणे बापाच्या डोक्यातून जन्मली, हातातल्या भाल्यासकट.

आईचा राग कुठल्या कुठे गेला. "डोस्क्यातून? आन् तिची माय कुठं गेलती?"

"मायला बापानं आधीच गिळलं होतं. लई शहाणी होती ती. लेकीत उतरलं ते मायचंच शहाणपण, असं मला वाटतं."

आईनं कप खाली ठेवला, मला जवळ ओढलं. मग म्हणाली, "गिळलेली माय तर मी हायेच, बाई. दरसाली जातेच फडात. हिला कावून नेऊ? धाकट्याला झोळी बांधीन. हिला ठिवून घेता का?"

बाईंनी ठेवून घेतलं. त्यांच्या चपात्या कधी गोल झाल्या नाहीत, पण त्या हंगामात माझी एक दिवसही शाळा बुडली नाही.

आता मीही शिकवते. बाई मागच्या उन्हाळ्यात गेल्या. यंदा दसऱ्याला लेकीच्या पाटीवर सरस्वती काढली आणि माझा हात थांबला. मला रडू आवरेना. आई शेजारीच बसली होती.

"आन् बाईचं घुबड कुठंय?" तिनं विचारलं.

मग जन्मात कधी पेन्सिल न धरलेल्या माझ्या आईनं पाटी मांडीवर ओढली आणि सरस्वतीखाली दोन वाकडेतिकडे डोळे काढले.