जव्हारच्या राबात भाजलेले बटाटे आणि अक्कांचा नकार

अक्कांना घेऊन मी जव्हारला गेले ती बटाटे भाजायला नव्हे, हे आधीच कबूल करते. मला त्यांना एक गोष्ट विचारायची होती, आणि नाशिकला त्यांच्या फ्लॅटमध्ये ती विचारायला गेलं की त्या उठून कुकर लावायला जातात. म्हटलं, जिथे कुकरच नाही अशा ठिकाणी नेऊ.

अक्का म्हणजे माझी मोठी नणंद. त्यांचं वय एकाहत्तर, माझं बासष्ट. त्यांचे यजमान जाऊन आठ वर्षं झाली. माझे, म्हणजे त्यांचे धाकटे भाऊ, जाऊन तीन. अक्कांना मूलबाळ नाही, आणि माझा मुलगा बंगळुरात. जानेवारीत अक्का बाथरूममध्ये घसरल्या आणि दोन तास तशाच पडून होत्या. मोडलं काही नाही, पण मला कळलं तिसऱ्या दिवशी, तेही त्यांच्या शेजारणीकडून. तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच घोळत होतं, की यांनी आपलं चंबूगबाळं आवरून माझ्याकडे राहायला यावं. माझं घर तळमजल्यावर आहे, एक खोली रिकामी आहे, आणि मी आहे. आणखी काय हवं माणसाला?

मार्चमधल्या एका शनिवारी सकाळी सातला निघालो. नाशिकहून जव्हार ऐंशी किलोमीटरच्या आसपास. त्र्यंबकपर्यंत रस्ता झकास, पुढे तोरंगणचा घाट. वळणं आहेत, पण माझ्यासारखी बासष्टीची बाई जुनी छोटी गाडी घेऊन जाऊ शकते म्हणजे तुम्हीही जाल. पेट्रोल त्र्यंबकलाच भरून घ्या. घाट उतरला की मोबाइल मधूनमधून मुका होतो, तेव्हा मुक्कामाचा पत्ता कागदावर लिहून ठेवा. मागच्या सीटवर पिशवीत दोन किलो बटाटे होते. "खेड्यात जायचं तर दुसऱ्याच्या डब्यावर जाऊ नये," हे अक्कांचं म्हणणं. मी म्हटलं, "अहो, राहण्या-जेवणाचे पैसे देतोय आपण." त्यावर अक्का खिडकीबाहेर बघत म्हणाल्या, "पळस काय फुललाय बघ." विषय संपला. अक्कांची ही जुनी सवय आहे.

मोखाड्याला चहा आणि गरमागरम वडे झाले. शेजारच्या बाकावर एक जण फोनवर सांगत होता, "हां शेठ, सोमवारी चार मानसं पाठवतो. पर खोली बघा हां, मागच्या वेळी पत्र्याखाली झोपवलं." भात निघाला की इथली बरीच माणसं कामाला ठाणे-भिवंडीकडे जातात आणि पावसाच्या तोंडावर परततात. अक्कांनी त्या माणसाकडे वळून विचारलं, "मग मिळाली का चांगली खोली?" तो दचकला, मग हसला. "बगू आजी. शेठ बोलतो तर हां."

जव्हारच्या अलीकडे-पलीकडे बघायला खूप आहे, पण ऊन तापायच्या आत एकच ठिकाण करा, शिरपामाळ. महाराज सुरतेच्या स्वारीच्या वेळी इथे थांबले होते असं सांगतात. माळ उंचावर आहे, वारा भरपूर, आणि सावली जवळजवळ नाहीच. अक्का काठी टेकत वर गेल्या, मला हात धरू दिला नाही. मी मागून "सावकाश, सावकाश" करत होते, तर म्हणाल्या, "सुधा, तू माझ्यापेक्षा जास्त धापा टाकतेयस." ते खरंच होतं.

आमचा मुक्काम साखरशेतजवळ एका पाड्यावर होता. जानकीबाई नावाच्या पन्नाशीच्या बाई घरातली एक खोली पाहुण्यांना देतात. शेणाने सारवलेली, स्वच्छ, पंखा आहे, संडास अंगणाच्या टोकाला. दोन वेळचं जेवण धरून माणशी आठशे रुपये. माझं ऐकाल तर आणखी पैसे द्या, पण तक्रारी देऊ नका.

संध्याकाळी अंगणात तीन दगड मांडून जानकीबाईंनी जाळ करून दिला आणि मी मोठ्या तोऱ्यात काचऱ्या करायला बसले. बटाटे सोलले, चकत्या केल्या, तव्यात तेल, तिखट, मीठ, हळद. घरी दहा मिनिटांचं काम! इथे तवा असा तापला की चकत्या बाहेरून काळ्या आणि आतून करकरीत कच्च्या. मी आणखी दोन लाकडं सारली. जानकीबाई भाकरी थापता थापता बघत होत्या. शेवटी न राहवून त्या उठल्या, जळती लाकडं मागे ओढली, आणि नुसत्या निखाऱ्यांवर तवा ठेवून वर झाकण घातलं. "जाळावर पानी तापतं," त्या म्हणाल्या. "बटाट्याला हार लागतो. आरामसे." हे 'आरामसे' त्यांनी ठाण्याला बांधकामावर असताना उचललेलं. हार म्हणजे निखारे. हे मात्र लिहून ठेवा. चुलीवर करायचं असेल तर अर्धा तास आधी जाळ करा, तो बसू द्या, मगच तवा ठेवा. त्या काचऱ्या नागलीच्या भाकरीबरोबर अशा लागल्या की आम्ही दोघी वाढायचंही विसरलो, तव्यातूनच खाल्लं.

खरी गंमत दुसऱ्या दिवशी सकाळी. जानकीबाई राब भाजायला निघाल्या होत्या. भाताची रोपं जिथे टाकायची त्या तुकड्यावर आधी शेण, त्यावर फांद्या, पालापाचोळा, गवत असे थर देऊन वर बारीक माती पसरलेली असते. मग वारा मंद असताना त्याच्या उलट्या अंगाने पेटवतात, म्हणजे आग धावत नाही, आतल्या आत सरकत जाते. तणाचं बी जळतं आणि माती पोसली जाते. जानकीबाईंनी आमचे उरलेले बटाटे मागून घेतले, न सोलता, न धुता, आणि पेटत्या कडेच्या पुढे पालापाचोळ्यात खुपसून दिले. "आग तिथं येल, बटाटं भाजल, आग पुढं जाल. मंग काढायचं."

"किती वेळ लागेल?" मी विचारलं.

"आग बोलल तेवा."

आता माझा स्वभाव सांगते. मी दूध तापायला ठेवते आणि तिथेच उभी राहून त्याला घाई करते. वीस मिनिटं झाली, धूर त्या जागेवरून पुढे गेलासा वाटला, जानकीबाई पलीकडच्या टोकाला होत्या. मी काठी घेतली आणि वरची माती बाजूला केली. बाई गं! आतून जाळ असा उसळला की माझ्या साडीचा पदर थोडक्यात वाचला. जानकीबाई धावत आल्या, फावड्याने माती ओढली, पुन्हा ओढली, तेव्हा कुठे तो दबला.

"ओ बाय! राब उकरायचा नाय! भडकून वरच्या वर जळतो, खालची माती तशीच र्‍हाते." त्या चिडल्या होत्या, आणि त्यांचं बरोबर होतं. ती माझी चूल नव्हती, त्यांचं वर्षाचं भात होतं. मी हात जोडले. तेव्हा त्या जरा निवळल्या. "आता इथलं तन नाय जळायचं. पावसात तुमीच या उपटायला."

"येईल, येईल," अक्का आंब्याखालून ओरडल्या. "मी पाठवते तिला!" आणि पोट धरून हसल्या.

मी जाऊन त्यांच्याजवळ बसले. लाज वाटत होती, आणि लाज वाटली की मी भलतंच काहीतरी बोलते. म्हणून दोन दिवस घोळवलेलं सगळं एका दमात बोलून मोकळी झाले. "अक्का, माझ्याकडे राहायला या. कायमच्या. तुम्ही पडलात हे मला तिसऱ्या दिवशी कळतं, हे मला सहन होत नाही."

इथे कुकर नव्हता. अक्का हातातली काठी जमिनीवर फिरवत राहिल्या.

"नाही येणार गं," त्या म्हणाल्या.

"का पण? माझं काही चुकतं का?"

"तुझं खूप चुकतं, ते सोड." मग त्या माझ्याकडे वळल्या. "सुधा, आई गेली, भाऊ गेला. तरी मी दिवाळीला पिशवी भरते आणि शेजारणीला सांगते, माहेरी चाललेय. ती विचारते, कोण आहे तिथे? मी म्हणते, माझी भावजय आहे. एकाहत्तराव्या वर्षी मला माहेर आहे, किती जणींना असतं? तुझ्याकडे राहायला आले की ते माझं घर होईल. मग मी जाऊ कुठे?"

मी रडले. चांगली हुंदके देऊन रडले. तेवढ्यात जानकीबाईंनी राखेतून बटाटे ओढले, कोळशासारखे काळे, आणि आमच्यापुढे सुपात टाकले. साल हाताने निघत होती. आतला गर पिवळा, मऊ, धुराचा वास लागलेला. त्यात कच्चा कांदा, ठेचलेली हिरवी मिरची, मीठ आणि वर थोडं कच्चं तेल घालून हाताने भरीत कुस्करलं. इतकंच. माझे डोळे अजून वाहत होते. "पुरे आता," अक्का म्हणाल्या. "भरतात मीठ आधीच जास्त झालंय." मग माझ्या पानात दोन घास जास्त वाढले. गाडीत बसल्यावर त्यांनी आपणहून फ्लॅटची दुसरी किल्ली पर्समधून काढून मला दिली, आणि रोज सकाळी आठला फोन करायचं कबूल केलं.

लोक विचारतात, मग काय आणलंस जव्हारहून? पाककृती दोन. निखारे झाल्याशिवाय तवा ठेवायचा नाही, आणि राखेत घातलेल्या बटाट्याला हात लावायचा नाही. बाकी मी हरून आले. अक्का आजही एकट्याच राहतात आणि सकाळी आठला फोन आला नाही तर मी ती किल्ली घेऊन निघायच्या तयारीत असते. पण त्या दिवशी परतताना त्यांनी आपल्या घराकडे वळूच दिलं नाही. म्हणाल्या, "चार दिवस तुझ्याकडे उतरते."

पाचव्या दिवशी त्या पिशवी भरून निघाल्या तेव्हा मी ताटात तांदूळ, नारळ आणि खण घेऊन आले. आठ वर्षांत मी त्यांची ओटी भरली नव्हती. रीत नाही म्हणून, लोक काय म्हणतील म्हणून. भरणारीही आता तशीच, त्यामुळे तर प्रश्नच नव्हता. अक्का ताटाकडे बघत राहिल्या, मग त्यांनी पदर पुढे केला. ओटी भरून झाली. कुंकवाच्या करंड्याशी माझा हात थांबला. लावू की नको?

अक्कांनी चष्मा काढला आणि कपाळ पुढे केलं.

"लाव नीट," त्या म्हणाल्या. "माहेराहून निघालेय."